कलांद्रियाचं पाऊल

माझ्या नवऱ्याने, नेमेसिओने, घोडीच्या खुरात घुसलेला खिळा उपटला, भोकात डांबर भरलं आणि हात झटकले. वरून बघाल तर जखम वाटाण्याएवढी, त्यामुळे तो खूश. दोन दिवसांत घोडी पाय टेकेना.

कलांद्रिया आमची घंटेची घोडी. तिच्या गळ्यातल्या घंटेमागे बाकीचे घोडे चालतात. ती थांबली की सगळे थांबले. आणि लंगडी घोडी शेवटी खाटकाच्या ट्रकमध्ये चढते, हे आमच्या ताक्वारेम्बोत कुणाला सांगावं लागत नाही.

गावातून जनावरांची डॉक्टरीण आली. तिने डांबर खरवडून भोक मोकळं केलं, तसा काळा पू वाहिला. धनुर्वाताचं इंजेक्शन दिलं. जखम आतून भरत येऊ द्या, तोवर तोंड बुजवू नका, रोज मिठाच्या कोमट पाण्यात पाय बुडवा आणि मग कापड बांधा, असं बजावून गेली. नेमेसिओने मान डोलावली आणि तिची गाडी फाटकाबाहेर पडताच डांबराचा डबा शोधायला लागला. मी सांगून पाहिलं, पण पालथ्या घड्यावर पाणी.

त्याचा विश्वास एकट्या एलाडिओबाबावर. हा मांत्रिक म्हातारा जनावराला हातही लावत नाही. दुखऱ्या पायाचा ठसा उमटला की तेवढी माती सुरीने कापतो, पालथी घालतो आणि काहीतरी पुटपुटतो. मी डबा लपवला आणि बाबाला गाठलं. सगळं ऐकून तो माटेच्या कडू चहाची नळी चोखत बसला, मग गालात हसला.

दुसऱ्या दिवशी येऊन तो घोडीमागे फिरला. "नुसती खुराच्या टोकाची रेघ उमटतेय. मला अख्खा ठसा लागतो, नेमेसिओ, आणि जखम उघडी लागते. तोवर मिठाच्या पाण्यात पाय बुडव."

मग काय, नवरा रोज बादली घेऊन घोडीच्या पायाशी. मला हसू यायचं आणि धास्तीही वाटायची, कारण पू थांबेना. ट्रकवाला चौकशीला आला, त्याला नेमेसिओने फाटकातूनच पिटाळलं. हळूहळू पू आटला, भोक आतून भरत आलं.

एका सकाळी घंटा वाजली. कलांद्रिया ओढ्याकडे निघाली होती, मागे सगळा तांडा. ओल्या मातीत तिचा अख्खा ठसा उमटला होता. नेमेसिओ त्याच्यापाशी उकिडवा बसला. बाबाला बोलावू का, मी विचारलं.

"कशाला? त्या म्हाताऱ्याने जन्मात कधी मिठाचं नाव काढलं नाही. बोलतंय कोण, ते मला तेव्हाच कळलं होतं."

"मग मी सांगत होते तेव्हा का नाही ऐकलंस?"

तो ठशाकडेच बघत राहिला. "ऐकायचं तुझंच होतं," म्हणाला. "त्याच्या तोंडून जरा सोपं गेलं."