मधला डाग

आईच्या नजरेचा मधला भाग गेलाय, हे डोळ्यांच्या डॉक्टरांनी बाबांना चित्र काढून समजावलं. बाबांनी मान डोलावली आणि घरी येऊन म्हणाले, "दाराआडून पळणारं मांजर दिसतं हिला, आणि समोर उभा असलेला नवरा दिसत नाही? सोंगं आहेत सगळी." आई मान वाकडी करून डोळ्याच्या कडेनं बघू लागली, तर त्याचीही टिंगल. चहा कपाबाहेर सांडला, की "डोळे फुटलेत का?" आई मुकाट्यानं ओटा पुसायची आणि माझ्या अंगाचा तिळपापड व्हायचा.

भांडून उपयोग नव्हता, म्हणून मी फिल्म केली. मला दुसरं येतं काय? कॅमेऱ्यापुढच्या काचेवर मधोमध मेणबत्तीची पातळ काजळी धरली आणि आईच्या उंचीवरून आमचं घर टिपलं. कडेला सगळं लख्ख: खिडकी, मांजर, बाबांच्या चपला. ज्याच्याकडे बघावं, तिथे मात्र राखाडी डाग. गोष्ट नाही, गाणी नाहीत, नुसता डाग आणि बाबांचं ओरडणं. मावशी म्हणाली, "हे कोण बघणार गं?" बाबांनी बघावं, एवढंच मला हवं होतं.

एका छोट्या महोत्सवानं फिल्म घेतली. बाबा इस्त्रीचा शर्ट घालून पहिल्या रांगेत बसले, शेजारी आई. दिवे गेले आणि पडद्यावर बाबांचा चेहरा आला. स्वच्छ! डाग गायब.

मी धावत मागे गेले. प्रोजेक्टरच्या टेबलापाशी संयोजक खुशीत उभे होते.

"तुमच्या लेन्सवर डाग होता. आमच्या माणसानं कॉम्प्युटरवर काढून टाकला. चेहरे कसे बाहेर आले बघा!"

"अहो, तो डाग म्हणजेच फिल्म होती! मूळची लावा."

"ती ऑफिसात राहिली. आणि प्रेक्षकांना काहीतरी दिसायला नको का?"

न विचारता हात घालायचा आणि वर उपकाराची भाषा! मी काही बोलणार, तेवढ्यात पुढून बाबांचा आवाज आला, "बघ, किती स्वच्छ दिसतंय! आणि म्हणे दिसत नाही." दोघंतिघं हसले.

माझं डोकंच फिरलं. मी तरातरा पुढे गेले आणि पडद्यासमोर उभी राहिले. माझी सावली बरोबर मधोमध पडली, बाबांच्या चेहऱ्यावर. मागून शिट्ट्या सुरू झाल्या. मी हलले नाही.

"अगं, बाजूला हो!" बाबा ओरडले. "मधलं काही दिसत नाहीये!" आणि माझ्या कडेनं दिसावं म्हणून ते मान वाकडी करून बघू लागले.

"मान सरळ ठेवा," आई शांतपणे म्हणाली. "लोकांना सोंग वाटेल."

बाबांनी मान सरळ केली. फिल्म संपेपर्यंत मी तिथेच उभी होते.