लोविनाचं 'हो'

प्रश्न बाकांच्या रांगेतून एकेका बाईपाशी सरकत होता. ख्रिस्ती मंडळीचा सेवक असलेला डीकन अ‍ॅटली प्रत्येकीसमोर किंचित वाकायचा, दबल्या आवाजात विचारायचा, "मन सगळ्यांशी स्वच्छ आहे ना?" आणि मान खाली घालून बसलेली बाई 'हो' म्हणायची. सकाळपासूनची प्रवचनं ऐकून सगळ्यांच्या पाठी आखडल्या होत्या. तबेल्यात घोडे खूर आपटत होते. वसंतात एकदा आणि शरदात एकदा हे असंच व्हायचं. सगळ्यांचं 'हो' झालं, की पंधरा दिवसांनी प्रभुभोजन, साऱ्यांनी मिळून घ्यायची भाकर आणि द्राक्षारस.

अ‍ॅटली लोविनापाशी आला.

"नाही," लोविना म्हणाली. "अजून नाही."

अ‍ॅटली वाकलेलाच राहिला. "कोणाशी?"

"सॅलोमाशी."

सॅलोमा म्हणजे तिची धाकटी बहीण. ती पुढच्याच बाकावर होती. तिनं मागे वळून पाहिलं नाही, पण पांढऱ्या टोपीखाली तिची मान लालबुंद झाली.

एकाचंही मन अडलेलं असलं तर प्रभुभोजन कोणालाच मिळत नाही, साऱ्या मंडळीचं थांबतं. लोविनाला हे लहानपणापासून ठाऊक होतं. म्हणून तर आई गेल्यावर आलेल्या दोन्ही खेपांना तिनं 'हो' म्हणून टाकलं होतं. दोन्ही वेळा घरी परतताना तिला फळांच्या बरण्या आठवल्या. बरणी गरम गरम भरून गार झाली, की पत्र्याच्या झाकणाच्या मधोमध बोट दाबून पाहायचं. टिक् वाजलं, तर झाकण नीट बसलेलं नाही. फडताळात ती बरणी इतरांसारखीच दिसते, कितीतरी दिवस तशीच दिसत राहते. आत मात्र नासायला सुरुवात झालेली असते. आमिश पंथाचा माणूस शपथ घेत नाही, अगदी कोर्टातसुद्धा. त्याचं साधं 'हो'च शपथेइतकं पक्कं असलं पाहिजे, असं आई सांगायची. लोविनाचं 'हो' दोनदा टिक् वाजलं होतं.

त्या आठवड्यात बायका येऊन समजावून गेल्या. शेजारच्या मॅटीनं तर दारातूनच सुरुवात केली, "अगं, मोठ्या बहिणीनं सोडून द्यायचं असतं."

"आयुष्यभर सोडतच आलेय."

"मग सवय असेलच की!" मॅटी म्हणाली.

लोविनाला हसूही आलं नाही. अलीकडे ती इतकी थकलेली असायची, की हसण्याआधी बसावंसं वाटायचं.

गुरुवारी दुपारी अ‍ॅटलीची बग्गी दाराशी थांबली. लोविना रिकाम्या बरण्या धूत होती. तिनं त्याला कॉफी दिली आणि पुन्हा गरम पाण्यात हात घातले.

"केलं काय सॅलोमानं, ते तरी सांग," तो म्हणाला.

"केलं काहीच नाही. दर शनिवारी भांडंभर नूडल्स आणायची. चांगल्या असायच्या."

"मग?"

लोविनाला ते नेमकं सांगायचं होतं, कमीही नाही आणि जास्तही नाही. आई कितीतरी वर्षं अंथरुणाला खिळून होती. लोविनाचं लग्न झालेलं नव्हतं, त्यामुळे आई कोणाकडे राहणार हे कधी कोणी विचारलंच नाही. शेवटच्या वर्षी आईला माणसं ओळखू येईनाशी झाली. लोविना तिला कुशीवर वळवायची, पुसून काढायची, टाचांना मलम चोळायची. आई तिचा हात थोपटून म्हणायची, "सॅलोमा, किती गुणाची गं तू! ती लोविना बघ, फिरकतसुद्धा नाही."

सुरुवातीला लोविना म्हणायची, "आई, मीच लोविना." मग तिनं ते सोडून दिलं. चूक दुरुस्त करायलाही अंगात त्राण लागतं.

"एका शनिवारी सॅलोमा दारात उभी होती," लोविना म्हणाली. "आई तेच म्हणत होती, माझा ओला हात धरून. सॅलोमानं ऐकलं. मला वाटलं, आता ही सांगेल. तिनं भांडं खाली ठेवलं, जवळ आली, माझ्या हातातून आईचा हात घेतला आणि म्हणाली, 'हो आई, मीच.'"

अ‍ॅटली म्हणाला, "एवढंच?"

"एवढंच. मलाच लाज वाटते, इतकं लहान आहे. मोठं असतं, तर कधीच माफ करून मोकळी झाले असते."

अ‍ॅटलीनं कप फिरवला. "माझे वडील या प्रभुभोजनासाठी थांबलेत, लोविना. पुढचं त्यांना मिळेलसं वाटत नाही. तू नुसतं..."

"नुसतं काय?"

तो कपाळ चोळत म्हणाला, "हे म्हणायला नको होतं मी."

"मी थकलेय, अ‍ॅटली. इतकी, की तू आणखी एकदा म्हणालास तर मी 'हो' म्हणून टाकीन. म्हणून म्हणू नकोस."

तो उठला, दाराशी गेला आणि तिथंच घुटमळला. "सॅलोमा बग्गीत बसलीय. आत यायला तयार नाही."

"एवढा वेळ? या गारठ्यात?" ओहायोतल्या एप्रिलचा काही भरवसा नसतो, आणि सॅलोमाची छाती लहानपणापासून नाजूक. "ये म्हणावं. माझी नाही, तर त्या घोड्याची तरी दया कर म्हणावं."

सॅलोमा आत आली. अ‍ॅटली बाहेरच राहिला. या घरात शिरताना तिच्या हातात भांडं नाही, असं लोविनानं पहिल्यांदाच पाहिलं. हात कुठं ठेवावेत हे तिला सुचत नव्हतं.

"ऐकलं होतं मी त्या दिवशी," सॅलोमा म्हणाली. "तुला माहीत आहे."

"माहीत आहे."

"तोंड उघडलं होतं खरं सांगायला. पण आपण लहान असताना आई काय म्हणायची, आठवतं? लोविनाचे टाके बघा. लोविनाचा पाव बघा. लोविना कधी खोटं बोलायची नाही. माझं एकदा तरी कौतुक केलं का तिनं?"

लोविनानं खरोखर आठवून पाहिलं. "तुझ्या गाण्याचं केलं असेल."

"गाण्याला 'हळू म्हण' म्हणायची!"

दोघींना एकदमच हसू फुटलं आणि तितक्याच पटकन विरलं.

"आयुष्यात एकदा तिनं माझं नाव गोडीनं घेतलं, तेही तुझ्या हातांच्या जिवावर," सॅलोमा म्हणाली. "मला ते हवं होतं, लोविना. मी चोरलं. परत कसं द्यायचं, ते कळत नाही. सांगशील तर सगळ्या मंडळीसमोर उभी राहून सांगते."

लोविनाच्या डोळ्यांसमोर ती सभा आली. पुन्हा ते बाक, पुन्हा सगळ्यांच्या माना वळणार, मग मॅटी दारात. "नको गं बाई. फडकं घे आणि बरण्या पूस."

सॅलोमा पुसू लागली. जरा वेळानं म्हणाली, "खांदा का धरून असतेस?"

"आईला वळवताना भरायचा. तेव्हापासून आहे."

"मी कधी विचारलंच नाही."

"नाही विचारलंस."

"हो बाजूला. बस तू. मी धुते."

लोविना आईच्या झुलत्या खुर्चीत बसली. घटकाभरच बसू, असं म्हणून. पाणी ओतल्याचा आणि काचेवर काच टेकल्याचा आवाज येत राहिला. या घरात दुसरं कोणी काम करतंय आणि आपण बसलोय, असं मागे कधी झालं होतं, ते तिला आठवेना. पापण्या जड झाल्या.

दार किलकिलं झालं. "बिशपना काय कळवू?" अ‍ॅटलीनं विचारलं.

"हळू! डोळा लागतोय तिचा," सॅलोमा म्हणाली. "आणि मला विचारू नकोस. एकदा तिच्या जागी बोलले, तेवढं पुरे."

लोविनानं मिटल्या डोळ्यांनी ते ऐकलं. मग झाकणावर दाबावं तसं बहिणीचं नाव मनात दाबून पाहिलं. थांबली. पुन्हा एकदा, जरा जोरानं दाबलं. टिक् वाजलं नाही.

"अ‍ॅटली," ती डोळे न उघडता म्हणाली, "तुझ्या वडिलांना आधी सांग. हो."

त्यानं दार लावून घेईपर्यंत तिला झोप लागली होती.