एका शब्दापायी अडवलेली मी

मी एक वेबसाइट बोलतेय. कुंभकोणममधल्या सीतालक्ष्मीबाईंनी मला घडवलं. बाई सरकारी दवाखान्यातून निवृत्त झालेल्या नर्स. त्यांच्या अक्काच्या स्तनात गाठ होती. लाजेने तिने ती वर्षभर लपवली आणि त्यातच ती गेली. तेव्हा बाईंनी तमिळमध्ये आणि आपल्या घरच्या तंजावरी मराठीत अकरा पानं लिहिली: गाठ कशी तपासायची, डॉक्टरकडे कधी जायचं. भाचा बदरीनाथ याने ती माझ्यावर चढवली.

तिरुविडैमरुदूरच्या एका मुलींच्या शाळेत बाईंना बोलावणं आलं. संगणकाच्या खोलीत त्यांनी माझा पत्ता टाकला आणि पडदा लाल झाला. 'अश्लील मजकूर. प्रवेश बंद.' मुली खुदखुदल्या. शिक्षिकेने घाईने पडदा विझवला. चारचौघांत हाताला धरून बाहेर काढावं, तसं मला झालं.

बदरीनाथने कारण शोधलं. शाळेने वाईट साइट अडवणारा प्रोग्राम बसवला होता. तो अर्थ पाहत नाही, शब्द मोजतो. 'स्तन' पुन्हापुन्हा दिसला, म्हणून त्याने मला घाणेरड्या साइटींत टाकलं. पापनाशमला बदरीनाथची बायको लावण्या नोकरी करते, त्या कचेरीतही हाच प्रोग्राम, तिथेही मी बंद.

"मावशी, शब्द बदलू. 'छाती' लिहू," बदरीनाथ म्हणाला.

"छातीत कफही होतो रे. हा शब्द तोंडातून निघेना म्हणून अक्का गेली. तो राहील."

प्रोग्राम विकणाऱ्या कंपनीला बाईंनी तीनदा लिहिलं. तिन्ही वेळा यंत्राने पाठवलेलं तेच उत्तर आलं. मग माझी पानं छापून बाई शाळेच्या मुख्याध्यापक हनुमंतरावांसमोर जाऊन बसल्या.

"यात अश्लील ओळ कुठली, तेवढी दाखवा."

हनुमंतरावांनी सगळं वाचलं. मग हळूच म्हणाले, "बाई, यादी कंपनीकडून येते. आमच्या हातात काही नाही."

"शाळा तर तुमची आहे. विचारून बघा."

त्यांनी संगणकाच्या शिक्षिकेला बोलावलं. तिने पाहिलं, तर अपवादांची, म्हणजे न अडवायच्या साइटींची, एक वेगळी यादी शाळेच्याच हातात होती. ती आजवर कुणी उघडलीच नव्हती. तीत माझं नाव घालायला पाच मिनिटंही लागली नाहीत.

मंगळवारी मुलींनी मला वाचलं. कुणी हसलं नाही. एकीने आईसाठी दोन पानं वहीत उतरवून घेतली.

पापनाशमच्या कचेरीत मी अजून बंदच आहे. तिथल्या साहेबांनी दोनदा भेट टाळली. गुरुवारी बाई तिसऱ्यांदा निघाल्यात. तुमच्याकडेही मी अशी अडलेली दिसले, तर मुकाट्याने परत फिरू नका. जो जबाबदार असेल त्याला गाठा आणि समोर बसवून मला वाचायला लावा.