उसना नवरा

नवरा उसना द्यायची पाळी वैऱ्यावर बी येऊ नये. मीठ देते मी, कुदळ देते, पर माणूस? तरी दिला. शेजारच्या फालेसीला दिवस गेलेले, पाय भोपळ्यावानी सुजलेले, आन् दवाखान्यातली नर्सबाई म्हणते, नवऱ्याला आण, मगच तपासीन. नवरा लामेक तिकडं जोहान्सबर्गला खाणीत राबतोय. तो काय पदरात बांधून आणायचा? मग मुखियाची चिठ्ठी आण म्हणाली, तर मुखियाला आधी कोंबडी पायजे. कोंबडी व्हती कुठं? म्हणून माझा नवरा.

माझ्या नवऱ्यानं, बिझवेकीनं, धुतलेला सदरा घातला, मान खाली घालून गेला. तपासणी झाली. मला वाटलं, सुटलो. कसलं काय! तीच नर्सबाई गावात फिरायला लागली, नवरे बायकांच्या कामाला हात लावत्यात का, ते बघायला. मग आमचा गडी रोज फालेसीच्या दारात पाणी भरणार, तिचा मका कांडणार, आन् मी हापशावरनं एकटी घागर आणणार. लगीन झाल्यापास्नं ह्यानं मला तांब्याभर पाणी दिलं न्हाई. बायका तोंडाला कापड लावून हसायच्या. एनिफा, तुझा माणूस सुधारला की गं, म्हणायच्या. जळलं मेलं ते सुधारणं.

फालेसीला कळा सुरू झाल्या, दवाखान्यात नेली, आन् त्याच सकाळी लामेक गाडीतनं उतरला. आमी तिघं दवाखान्याकडं निघालो, वाटेतच मी त्याला सगळं सांगितलं. रागावला न्हाई बिचारा, उलट बिझवेकीचा हात धरला. पर फाटकात नर्सबाई आडवी.

"तिचा नवरा ह्यो हाय," बिझवेकीकडं बोट करून ती म्हणाली. "मी वळखते त्याला."

"बाई, मी न्हवं. ह्यो लामेक तिचा नवरा," बिझवेकी म्हणाला.

"येळ आली तसा अंग काढून घेतोस व्हय?" तिनं त्याला दंडाला धरून आत ओढलं. लामेकला राखणदारानं ढकलून बाहेर काढलं.

मी तोंडाला येईल ते बोलले. ऐकतंय कोण? ऊन चढलं, लामेक तारेचं कुंपण धरून उभाच. शेवटी आतनं लेकराचं रडणं आलं, मागनं फालेसीचा पाणी मागायचा आवाज. माझा जीव भांड्यात पडला.

नर्सबाई हात पुसत ओट्यावर आली.

"बाई, पोरगा का पोरगी?" लामेकनं इचारलं.

"बापाला सांगितलंय," ती म्हणाली आन् आत गेली.