खळीने चिकटवलेलं पाकीट

लाँड्रीचा नियम एकच: खिसे आधी, पाणी मागाहून. मालक म्हणायचे, लोकांच्या खिशात काय निघेल याचा नेम नाही आणि आळ येतो तो आपल्यावर. म्हणून सापडलेली वस्तू, कपड्याचा नंबर आणि तारीख वहीत लिहायची, खाली मालकांची सही घ्यायची. कपडे धुणाऱ्या मावशींच्या हे बारा वर्षांत अंगवळणी पडलं होतं.

त्या सकाळी त्यांच्या हाती गणवेशाचा जाड कोट आला. नंबर एकशे चौदा, म्हणजे समोरच्या पोलीस ठाण्यातले तपास अधिकारी. मावशींनी आतल्या खिशात हात घातला आणि ओळखीचं पाकीट बाहेर काढलं.

सव्वा महिन्यापूर्वी त्यांची एकोणीस वर्षांची मुलगी औषधाच्या दुकानातलं काम आटोपून निघाली, ती घरी आलीच नाही. घरात तिला टकळी म्हणत. पोरीचं तोंड क्षणभर मिटायचं नाही. मावशी ठाण्यावर धावल्या, तर पहिला प्रश्न आला, कुणाबरोबर गेली? अहो, मुलगी हरवली की ती पळालीच, हे आपण सगळ्यांनी घरबसल्या ठरवून टाकलेलं असतं. मग पोलिसांनी तरी वेगळं का समजावं!

दीर रोज सांगायला यायचे. त्यांच्या मुलीचं लग्न ठरत होतं.

"वहिनी, झाकली मूठ सव्वा लाखाची. स्वतःहून गेली म्हणा आणि तक्रार मागे घ्या."

हे ठाण्यात जाऊन काही बोलले तर नसतील? मावशींना दिराचा संशय येई, खिडकीतून डोकावणाऱ्या शेजारणीचा येई. एका दुपारी तर त्यांनी टकळीची पेटी उपसली, चिठ्ठ्या शोधायला. एकही निघाली नाही. पोटच्या पोरीवर संशय घेतला म्हणून त्या तिथेच बसून रडल्या.

शेवटी त्यांनी कोर्टात अर्ज केला. कोर्टाने हुकूम दिला, दर पंधरा दिवसांनी तपासाचा अहवाल द्या. अहवाल आला आणि काय छान आला! मुलीच्या एकमेव फोटोच्या पन्नास प्रती काढून सगळ्या दवाखान्यांत दाखवल्या, कुणी ओळखलं नाही, मुलगी राजीखुशीने गेलेली दिसते, तपास बंद करण्याची परवानगी मिळावी.

आणि आता कोटाच्या खिशात ते पाकीट होतं. फोटो दुमडू नये म्हणून मावशींनी पहिल्याच दिवशी लाँड्रीतल्या खळीने चिकटवून याच अधिकाऱ्यांना दिलेलं. वर त्यांचंच अक्षर. झाकण कुणी उघडलेलंच नव्हतं.

त्यांनी वहीत नोंद केली आणि वही मालकांपुढे ठेवली. मालक चपापले. ठाण्याचे निम्मे गणवेश त्यांच्याकडेच यायचे. पाण्यात राहून माशाशी वैर कशाला, असं ते पुटपुटले. मावशींनी वहीवर पेन ठेवलं. नियम मालकांचाच होता. त्यांनी सही केली.

कोर्टात दीर मागच्या बाकावर बसले होते. न्यायाधीशांनी विचारलं, कोणता फोटो दाखवला? अधिकारी ठणकावून म्हणाले, या बाईंनी दिलेला, तेवढा एकच होता. मग मावशी उठल्या. त्यांनी पाकीट आणि लाँड्रीची वही पुढे ठेवली.

"साहेब, हे यांच्या कोटात होतं. मी उघडलं नाही. तुम्हीच उघडा."

न्यायाधीशांनी पाकीट उलटसुलट पाहिलं आणि सर्वांसमक्ष कापायला लावलं. आतून टकळी हसत बाहेर आली. मागे आईने लिहिलं होतं, डाव्या भुवईवर जुना व्रण. दिरांनी मान खाली घातली.

सव्वा महिना! एवढ्या दिवसांत ती कुठल्या खाटेवर बेशुद्ध पडली असेल, कुणाच्या कुलपाआड रडली असेल, आणि तिचा चेहरा इकडे कोटाच्या अस्तरात. मावशींच्या अंगाचा नुसता तिळपापड झाला.

न्यायाधीशांनी तपास काढून घेतला आणि खोट्या अहवालाबद्दल अधिकाऱ्यांची चौकशी लावली. कोर्टात हजर असलेल्या दुसऱ्या ठाण्याच्या अधिकारीबाईंना सांगितलं, फोटो कुठे, कुणाला दाखवला, पाहणाऱ्याच्या सहीनिशी दर आठवड्याला कळवायचं.

त्या बाई पुढे आल्या. कोर्टासाठी प्रत काढून झाल्यावर फोटो त्यांच्याकडे दिला. सवयीने त्यांचा हात खिशाकडे वळला आणि मावशींनी तो मनगटाशी धरला.

"खिशात नको, बाई. हातात धरा. आणि आत्ता निघा, मी बरोबर येते."