सातवा चिंचोका

मी एक चिंचोका. सातांमधला सातवा. माझा आवाज बारीक आहे, जरा जवळ येऊन ऐका. भीतभीतच जगलोय, त्यामुळे मोठ्यानं बोलायची सवय लागली नाही.

माझं झाड मला आठवत नाही. आठवतो तो काळोख आणि आंबट चिकटपणा. सुजाताताईंनी तास-दीड तासावरच्या ओटाहुहुच्या भारतीय दुकानातून चिंचेचं पाकीट आणलं, हॅमिल्टन शहरात, रोटोटुना भागातल्या त्यांच्या घरी. भिजवलेली चिंच कोळताना मी त्यांच्या बोटाला लागलो. "बिया काढलेली आहे असं लिहिलंय की यावर!" असं म्हणत त्यांनी मला सिंकच्या कडेला टाकलं. शेजारीच खरकट्याचा डबा तोंड उघडून बसला होता. मी गारठलो.

तेवढ्यात एक जाडं, खरखरीत बोट आलं आणि त्यानं मला उचललं.

"आबा, काय करणार त्याचं?"

"असू दे गं. सहा झालेत माझ्याकडे. हा सातवा."

हे लहूभाऊ, सुजाताताईंचे वडील. भुसावळकडे रेल्वेचे रूळ नीट ठेवण्यात यांची हयात गेली. मुलगी शिकली, इंजिनिअर झाली, इथे दुधाच्या कंपनीत लागली. आई गेल्यावर तिनं वडिलांना इकडे परदेशात आणलं. हे स्वतः मात्र शाळेत गेले नव्हते. आकडे ओळखायचे, सही यायची, बाकी अक्षर नाही. ही गोष्ट घराबाहेर कोणाला माहीत नव्हती. भिंतीवर बाबासाहेबांची तसबीर होती. तिच्याकडे बघून त्यांची मान आपोआप खाली जायची. मुलीला शिकवलं, पण आपण राहिलोच, असं ते एकदा तसबिरीला म्हणाले. मी खिशातून ऐकलंय.

त्यांनी मला मागच्या अंगणातल्या काँक्रीटवर घासलं. एका अंगानं घासत राहिले, अगदी पांढरा होईपर्यंत. जीव जातोय असं वाटलं मला. दुसरं अंग काळंच राहिलं. लहानपणी ते असे चिंचोके टाकून खेळायचे. इथे कोणाशी खेळणार? दिवसभर गल्ली रिकामी. सगळे गाड्या घेऊन कामाला गेलेले. मग त्यांनी आम्हाला जुन्या सदऱ्याच्या कापडाच्या पिशवीत ठेवलं, आणि आम्ही तिथेच पडून राहिलो.

आम्हाला काम मिळालं ते रमणरावांमुळे. चार घरं सोडून ते त्यांच्या मुलाकडे, सुयशकडे राहायचे. पुण्यात टेलिफोन खात्यात होते. बोलके, थट्टेखोर. रोज दुपारी जँडल्स, म्हणजे इथल्या रबरी चपला, फटफटवत यायचे आणि दारातूनच इथल्या मूळ लोकांच्या भाषेत नमस्कार ठोकायचे, "लहूभाऊ, किया ओरा! चहा टाका."

लहूभाऊंची नात सिद्धी शाळेत सॉफ्टबॉल खेळते. तिनं टीव्हीवर अमेरिकेतलं बेसबॉल लावून दिलं. तिकडची रात्र म्हणजे इकडची दुपार. दोघा म्हाताऱ्यांना आयतंच झालं. इंग्रजी नावं लहूभाऊंना वाचता येईनात, कुठला आकडा कोणाचा कळेना. म्हणून त्यांनी आम्हाला बाहेर काढलं. निळ्या टोपीवाले आपले. आपण जिंकलो की चिंचोका पांढरी बाजू वर, हरलो की काळी.

"काय डोकं चालवलंय!" रमणराव म्हणाले. "मला नाही सुचलं." लहूभाऊ हसले आणि चिंचोके उगाच सरळ करत बसले.

ऑक्टोबरात मोठी फेरी सुरू झाली. सिद्धीनं सांगितलं, पहिली फेरी तीन सामन्यांची, तिन्ही एकाच गावात. दुसरी पाचाची. तिसरी सातांची आणि शेवटची अंतिमही सातांची. म्हणजे पहिल्यांदा तीन चिंचोके निघाले, मग पाच. सहावा आणि मी पिशवीतच. आपली पाळी येणारच नाही असं वाटून मी रोज घाबरायचो.

पहिली फेरी तिन्ही सामने चालली. दुसरी पाचही चालली. तिसरीच्या वेळी दिवाळी होती, रमणराव लेकीकडे, कल्याणीकडे, ओटाहुहुला गेले होते. त्यांच्याशिवाय लहूभाऊंनी टीव्ही लावला नाही. त्यामुळे दोघांचं पक्कं ठरून गेलं, तीन म्हणजे तीन, पाच म्हणजे पाच आणि सात म्हणजे सात. क्रिकेटसारखंच. आपल्याकडे पाच सामन्यांची मालिका तीन-शून्य झाली तरी उरलेले दोन खेळतातच ना!

इथे एक गोष्ट सांगायला हवी.

दिवाळीच्या आधी एकदा रमणरावांनी लहूभाऊंच्या हातात घडी केलेला कागद दिला. "तोंडानं बोलायला जड जातंय. रात्री शांतपणे वाचा. कोणाला दाखवू नका."

लहूभाऊंनी तो उघडला, उलटा-सुलटा केला. मग आमच्या पिशवीत ठेवला. मी त्या कागदाला चिकटून झोपायचो. त्यावर काय आहे ते मलाही कळत नव्हतं. मीही त्यांच्यासारखाच.

दुसऱ्या दिवशी रमणरावांनी विचारलं, "वाचलंत?"

"हो."

"मग? तुम्हालाही तसंच वाटतं?"

"अगदी तसंच," लहूभाऊ म्हणाले. "बरोबर लिहिलंय तुम्ही."

 रमणराव बराच वेळ चहा ढवळत बसले. आठवड्यानं कळलं, सुयशला समुद्रापलीकडे पर्थमध्ये नोकरी लागली, सूनबाई आधीच पुढे गेली, आणि रमणरावही जाणार. सोमवारचं विमान. त्याच्या आदल्या दिवशी, रविवारी, अंतिम फेरीतला सातवा सामना. "सातवा बघूनच हलणार," असं त्यांनी मुलाला बजावलं. "आणि लहूभाऊ, तिकडून रोज लिहीन हं तुम्हाला. लांबलचक. उत्तर पाठवा."

त्या संध्याकाळी लहूभाऊंनी मला एकट्यालाच तळहातावर घेतलं. म्हणाले, "सांगायला पाहिजे रे. नाहीतर ते लिहीत राहतील, माझं उत्तर जाणार नाही, आणि त्यांना वाटेल विसरला. पण आधी सांगितलं तर उरलेल्या दुपारी ते माझ्याकडे कसे बघतील? तुझ्या दिवशी सांगतो. सातव्याला."

म्हणजे माझ्या अंगावर एवढं ओझं. आतापर्यंत मी घाबरत होतो की माझी पाळी येणार नाही. आता वाटायला लागलं, आली तर?

अंतिम फेरी लागली. लहूभाऊंनी दोन बशा मांडल्या. एक समोरच्या संघाच्या गावाची, एक आपल्या गावाची. समोरच्यांनी वर्षभरात जास्त सामने जिंकले होते, म्हणून पहिले दोन त्यांच्या गावात. मग तीन आपल्या गावात. शेवटचे दोन पुन्हा त्यांच्याकडे. पाच सामन्यांनंतर तीन काळे, दोन पांढरे.

शनिवारी सहावा होता. सिद्धी घरीच होती. टोस्ट खात सोफ्यावर येऊन बसली आणि म्हणाली, "आजोबा, ब्लू हरले तर इट्स ओव्हर."

"आजचा सामना ना?"

"नो, नो. द होल थिंग. फर्स्ट टू फोर. फोर विन्स झाले की फिनिश."

"आणि सातवा?" रमणराव पुढे सरकले.

"देअर वोन्ट बी अ सेव्हन. ओन्ली इफ दे नीड इट."

"अगं, पण सात ठरलेत ना? लोक उद्या मैदानावर येणार, त्यांनी काय करायचं?"

"घरी राहायचं!" सिद्धी हसली. "फर्स्ट राउंडला तीन झाले बिकॉज दे नीडेड थ्री. यू गाइज आर हिलॅरियस."

रमणराव हसले नाहीत. "मग संध्याकाळीच निघावं लागेल," ते हळूच म्हणाले. "सुयश म्हणालाय, आज संपलं तर आजच कल्याणीकडे जाऊ, विमानतळ तिथून जवळ. तो गाडी घेऊन येईलच."

लहूभाऊंनी पिशवी गच्च धरली. आत मी, सहावा आणि तो कागद. त्यांच्या हाताला घाम आला होता. माझं घासलेलं अंग ओलं झालं. उद्याचा माझा दिवस कोणीतरी मधूनच कापून टाकला होता.

सामना सुरू झाला. आपले मागे पडले. मग थोडे वर आले, पुन्हा मागे. सहावा चिंचोका लहूभाऊंनी काढून बशीच्या कडेला उभा टेकवला होता, त्याला काळा करायचा की पांढरा ते ठरायचं होतं. बाहेर सुयशची गाडी येऊन थांबली. हॉर्न नाही वाजवला त्यानं, पण इंजिन चालू ठेवलं. माझ्या दृष्टीनं ते हॉर्नपेक्षा वाईट.

नववा डाव. आपला एक फलंदाज उरला. दोन धावांचा फरक असावा, नाहीतर तीन धावांचा, मला नीट कळत नव्हतं, भीतीनं माझं डोकं फिरलं होतं.

लहूभाऊ उठले. पिशवीतून मला काढलं, कागद काढला आणि दोन्ही रमणरावांच्या हातात ठेवलं. मूठ मिटली आणि मला अंधार झाला.

"रमणराव, मला वाचता येत नाही."

"चष्मा बदला, कितीदा सांगितलं."

"चष्मा नाही. येतच नाही. कधीच आलं नाही. हा कागद मी वाचलेला नाही."

त्या मुठीत किती वेळ गेला ते मला सांगता येणार नाही. टीव्हीतला गलका वाढला, सिद्धी "ओह नो!" ओरडली, मग सगळं थंड पडलं. आपले हरले होते. दोघांपैकी एकानंही तिकडे पाहिलं नाही.

"मग 'बरोबर लिहिलंय' कशाला म्हणालात?" रमणरावांचा आवाज फाटला होता.

"लाज वाटली."

कागद उलगडल्याचा आवाज आला. रमणरावांनी आपलंच लिहिलेलं वाचायला घेतलं. "लहूभाऊ, सगळे म्हणतात मी पर्थला जावं. कल्याणी मात्र ओटाहुहुला बोलावते. मला पर्थची भीती वाटते. तिथे पुन्हा कोण भेटणार? पण सुयशला सोडून राहणंही बरं दिसत नाही. मी जावंच असं तुम्हालाही वाटतं का? तुम्ही म्हणाल तसं."

बाहेर इंजिन चालूच होतं.

"तुम्ही हो म्हणालात म्हणून मी हो म्हटलं," रमणराव म्हणाले. "आता तोंडानं सांगा. वाटतं का?"

लहूभाऊंना बोलायला वेळ लागतो. रुळावर काम केलेला माणूस, दोन्हीकडे बघितल्याशिवाय पाऊल टाकत नाही.

"जाऊ नका," ते म्हणाले. "ओटाहुहुला सुजाता मला आणून सोडेल. तुम्ही लिहू नका काही. फोनवर बोला. हिरवं बटण मला ठाऊक आहे."

रमणरावांनी कागदाची घडी घातली. मला तसंच खिशात टाकलं आणि गाडीत जाऊन बसले.

त्या प्रवासात मला एकच प्रश्न पडला होता. आज ओटाहुहुला, पण सोमवारी तिथून विमानतळ, की तिथेच मुक्काम? खिशातून रमणरावांच्या मनातलं कसं कळावं? विमानतळावर सामानात बी सापडलं की जप्त करून नष्ट करतात, हे मी ऐकून होतो. सुयश मोटरवेवरच्या गर्दीबद्दल बोलत होता, रमणराव "हं, हं" करत होते. त्यांचं बोट खिशात येऊन मला चाचपायचं, परत जायचं. त्या बोटालाही भीती वाटत होती, मला समजत होतं.

गाडी थांबली. कल्याणीताई "आलात!" म्हणत बाहेर आल्या.

"सुयश, माझी मोठी बॅग खाली घे."

"बाबा, दोन दिवसांसाठी मोठी कशाला?"

"दोन दिवसांसाठी नाही."

पुढे जे बोलणं झालं ते मी सांगणार नाही, ते घरातलं आहे. सुयश सोमवारी एकटा गेला. पहिले पंधरा दिवस त्यानं वडिलांना फोन केला नाही. ते पंधरा दिवस रमणराव मला मुठीत धरून झोपायचे.

आता मी कल्याणीताईंच्या स्वयंपाकघराच्या खिडकीत असतो. मागून रेल्वे जाते. सहा भाऊ हॅमिल्टनला आहेत. रोज दुपारी फोन वाजतो, लहूभाऊ आधी विचारतात, "सातवा आहे ना?" रमणराव म्हणतात, "आहे, आहे, समोरच आहे." कधी फोन यायला पाच मिनिटं उशीर झाला की आम्हा दोघांचाही जीव खालीवर होतो. दोघंही म्हातारे, काय सांगावं.

मला अजून कोणी पांढरा केलेला नाही की काळा. खिडकी पुसायला कोणी आलं की मी श्वास रोखून बसतो. तुम्ही कधी या घरी आलात तर मला बी समजून केरात टाकू नका, एवढंच मागणं आहे. आणि कोणाला काही सांगायचं मनात ठेवलं असेल तर ते सातव्या दिवसावर टाकू नका. मी स्वतः सातवा आहे, म्हणून सांगतो. माझी पाळी आलीच नाही.