बारा गोळ्यांचा केक

यंदा, १९६१ च्या चैत्रात, नलूताईनं केलेला बिनसाखरेचा चीजकेक इवायांनी, म्हणजे होणाऱ्या व्याह्यांनी, आमच्या ओसरीवर बसून खाल्ला, वर मागून घेतला आणि सोयरीक पक्की झाली.

असं काहीही घडलेलं नाही. त्या दिवशी आमच्या घरी केक नव्हता, गंज नव्हता, निखारेही नव्हते. अंगणात कोणाला धूर दिसला असेल तर तो शेजाऱ्यांचा. एवढं स्पष्ट करून, काय घडलं नाही ते आता सविस्तर सांगतो.

नलूताई माझी मोठी बहीण. पांढरकवड्याजवळच्या एका मिशनच्या दवाखान्यात नर्स आहे. तिला घाटंजीच्या भीमराज मास्तरांचं स्थळ आलं. मुलगा तिला पसंत होता. तसं ती कोणाला म्हणाली नाही, पण त्याचं नाव निघालं की भरदुपारी कंदिलाची काच पुसायला घ्यायची. सध्या आमच्या कंदिलाइतकी स्वच्छ काच अख्ख्या तालुक्यात नाही.

अडचण मुलात नव्हती, मुलाच्या बापात होती. डोमाजींना मधुमेह. डाव्या पायाचं एक बोट आधीच काढलेलं. पुन्हा गोड खाल्लं तर पाऊल जाईल, असं डॉक्टरांनी बजावलेलं. आणि आमच्यात इवायाचं तोंड गोड झाल्याशिवाय सोयरीक पक्की होत नाही. छपन्न साली दीक्षा घेतली तेव्हा आम्ही मुहूर्त सोडला, कुंकू सोडलं, अंगात येणं सोडलं. (हे इंदूआत्याला जड गेलं. तिच्या अंगात फार छान यायचं.) तोंड गोड करणं तेवढं राहिलं, कारण ते सोडायचं कोणाला सुचलंच नाही.

भीमराजची दोन स्थळं यातच गेली होती. पहिल्या घरी डोमाजींनी रीत म्हणून चार पेढे खाल्ले. महिन्याभरात बोट गेलं आणि पुढं ती सोयरीकही मोडली, म्हणजे बोट फुकटच गेलं. दुसऱ्या घरी त्यांनी पेढ्याला हात लावला नाही. मुलीकडचे म्हणाले, यांच्या मनातच नाही.

"मंग सुपारी ठेवा हातावर," आत्या म्हणाली.

"सुपारीनं तोंड गोड होते काय व?" आई म्हणाली. बाबा गेल्यापासून घरातला शेवटचा शब्द तिचा असतो. पण त्या दिवशी तो नलूताईनं घेतला.

"मी करतो गोड. साखरेचा दाणा नाही, गुळाचा खडा नाही. अन् ते खातीन."

दवाखान्यातल्या डॉक्टरांच्या मॅडमनं तिला चीजकेक शिकवला होता. मॅडमकडे लोखंडी दाराची भट्टी होती, आमच्याकडे गंज, म्हणजे मोठं पातेलं. नलूताईनं म्हशीचं दही रात्रभर फडक्यात टांगून चक्का केला, त्यात चार अंडी फेटली. शेंगदाणे भाजून, कुटून, लोण्यात मळून डब्याच्या तळाशी थापले. गंजात वाळू, वाळूवर डबा, गंजावर परात, परातीत निखारे. पऱ्हाट्यांचे, म्हणजे कापसाच्या वाळल्या झाडांचे, निखारे लवकर विझतात म्हणून मी बाभळीची लाकडं आणली. माझं काम एवढंच होतं. एवढंच ठेवलं असतं तर बरं झालं असतं.

गोडीसाठी सॅकरीनच्या गोळ्या. शंभराची बाटली होती. "बाराच टाकाच्या," नलूताईनं सगळ्यांना बजावलं, "जास्त झाल्या का कडू होते." बारा गोळ्या चुरून तिनं चक्क्यात मिसळल्या, बाटली फळीवर ठेवली आणि निखारे बघायला अंगणात गेली.

डोमाजी बायको आणि भीमराजसह आले. ते आपल्या वस्तीत पंचशील सांगणारे. त्यांच्या पुढाकारानं आम्ही सगळ्यांनी हात जोडून पंचशील म्हटलं. चौथं शील म्हणजे खोटं न बोलण्याचं. ते आत्यानं सगळ्यांत मोठ्यानं म्हटलं.

मग नलूताईनं केकचा तुकडा बशीत घालून डोमाजींपुढं ठेवला. त्यांनी तो तोंडात टाकला. जबडा एकदा हलला आणि थांबला. डोळ्यांत पाणी आलं. भीमराज छताकडे बघू लागला.

"गोड झालं ना, इवाई?" आईनं विचारलं.

डोमाजींनी बशीकडे बघितलं. काय सांगणार? अर्ध्या तासापूर्वीच शील घेतलेलं. 'गोड' म्हणावं तर शील मोडतं, 'कडू' म्हणावं तर सोयरीक मोडते.

नलूताईनं डब्यातला चुरा जिभेवर ठेवला. तिचा चेहरा बदलला. ती आत गेली आणि फळीवरची बाटली घेऊन बाहेर आली. शंभरातून बारा गेल्या तर अठ्ठ्याऐंशी राहायला हव्यात. बाटलीत कापूस राहिला होता.

"कोणं टाकल्या?"

आई पदराशी चाळा करत म्हणाली, "इवायाच्या ताटात हात आखडता घ्यावा काय व? मूठभर टाकल्या म्या."

"म्याही टाकल्या," आत्या म्हणाली. "पुरणात वेलची टाकतो तशा."

सगळे माझ्याकडे बघू लागले. मी म्हणालो, "उरलेल्या दिसून राह्यल्या होत्या. बरं नाही वाटलं."

आई उठली, गुळाच्या डब्यातून खडा काढला आणि डोमाजींकडे निघाली. "एवढासाच घ्या. मंग झालं."

नलूताईनं आईचं मनगट धरलं. "आई, खडा ठेव."

"मंग सोयरीक मोडन, पोरी!"

"मोडू दे." भीमराजनं छताकडची नजर खाली आणली. नलूताईनं आईचं मनगट सोडलं नाही. "मले सासरा दोन पायाचा पाह्यजे. मामाजी, केक कडू झाला. तुम्ही कायले सांगता, मीच सांगतो. पुढच्या आठोड्यात या, मी पुन्हा करतो. त्या दिवशी घरात कोणी राह्यणार नाही."

डोमाजींनी तोंडातला घास गिळला. त्याला बराच वेळ लागला. मग त्यांनी बायकोकडे बघितलं. "तीन घरं फिरलो. माह्या पायाचं कोणं पाह्यलं होतं काय?"

"कोणं पाह्यते!"

"मंग." त्यांनी बशी पुढं केली. "आण पोरी, दुसरा तुकडा."

"कडू आहे, मामाजी."

"तीन वर्षं कारल्याचा रस पिऊन राह्यलो मी. हे त्याच्यापुढं काहीच नाही." खाता खाता ते थांबले. "काहीच नाही, हे खोटं झालं. थोडं आहे."

दुसरा तुकडा त्यांनी संपवला आणि सोयरीक पक्की केली. भीमराजनं न सांगता तिसरा घेतला. त्या क्षणी नलूताई कंदील शोधू लागली.

अडचण नंतर आली. घाटंजीत लोक विचारू लागले, तोंड कायनं गोड केलं? गोड म्हणावं तर शील आडवं येतं, कडू म्हणावं तर लोक सोयरीक कच्ची धरतात. तेव्हा दोन्ही घरांनी बसून ठरवलं की केक झालाच नाही. आता लोक म्हणतात, केक झाला नाही तर तोंड कधी गोड झालं? लग्न वैशाखात आहे.

सबब, मेहेरबान तहसीलदार साहेब, तालुका केळापूर, यांचे सेवेशी सविनय अर्ज की, आमच्या घरी न झालेल्या केकाने डोमाजी यांचे तोंड रीतीप्रमाणे गोड झाले, असा दाखला सही-शिक्क्यानिशी वैशाखापूर्वी मिळावा. दाखल्यातील 'चव' हा रकाना कोरा सोडण्यात यावा. आणि सदर केक मुळात झालेलाच नसल्यामुळे या अर्जावर कोर्ट-फीचे तिकीट लावलेले नाही, याची कृपया नोंद घ्यावी.